ओलीचा हिशेब



आमच्या कनेरगाव नाक्याला 'ओल' हा शब्द दोन तऱ्हांनी उच्चारतात. मृगाचा पाऊस पडून गेला की माणसे शेतात जातात, बोटांनी माती उकरतात आणि "वीतभर ओल गेली" असे समाधानाने सांगतात. तेव्हा ती लक्ष्मी असते. तीच ओल घराच्या भिंतीत, ज्वारीच्या पोत्यात किंवा गोधडीत शिरली की तिच्यासारखी अवदसा नाही. शेतात तिला धरून ठेवायचे आणि घरातून हुसकायचे, ही कसरत आमचा मुलूख पिढ्यान् पिढ्या करत आला.

हे लिहायला निमित्त झाले एका यंत्राचे. माझी धाकटी लेक ठाण्याला तळमजल्यावर राहते. नातवाला बालदमा. डॉक्टर म्हणाले, औषध देतोच, पण आधी घरातली बुरशी घालवा. मग तिने डीह्युमिडिफायर घेतला, म्हणजे हवेतली ओल ओढून घेणारी पेटी. पावसाळ्यात महिना-दीड महिना माझा मुक्काम तिच्याकडे असतो, आणि बादली उपसण्यापासून जाळी धुण्यापर्यंत त्या पेटीची सगळी उस्तवार आपोआप माझ्याकडे आली. शाळेत तीस-बत्तीस वर्षे इतिहास-भूगोल शिकवल्यामुळे कुठलीही वस्तू हातात आली की हिच्या आधी काय होते, हा प्रश्न पडतोच. या पेटीच्या आधी काय होते?

आमच्याकडे माळवद होते.

ज्यांनी माळवद पाहिलेले नाही त्यांच्यासाठी सांगते. मातीच्या जाड भिंती, त्यावर लाकडी तुळया, तुळयांवर आडव्या फळ्या किंवा फांद्या, त्यावर पाला आणि त्यावर वीत-दीड वीत माती. झाले सपाट छप्पर. माती कोणतीही चालत नसे. शेतातली काळी माती पाणी पिऊन फुगते आणि उन्हाळ्यात भेगाळते. म्हणून गावठाणातली पांढरी आणत. दर वर्षी रोहिणी निघाल्या की गडीमाणसे माळवदावर चढून उगवलेले गवत उपटत, नवी माती पसरत आणि धुमसाने चोपून बसवत. पन्हाळीत अडकलेला पाला-कचरा काढणे हे पोराटोरांचे काम. मृगाच्या आत हे व्हायलाच हवे. नाही झाले तर आषाढात घरात ठिकठिकाणी पातेली मांडून बसा!

माळवद पाणी अडवी, पण हवेतली ओल कोण अडवणार? तिच्यासाठी चूल होती. स्वयंपाकघराच्या छतात धूर जायला भोक ठेवलेले असे, पण धूर काही लगेच जात नसे. तो आधी घरभर हिंडे, तुळया काळ्या करी आणि उतरंडीतले, शिंक्यावरचे सगळे कोरडे ठेवी. त्या धुराने बायकांचे डोळे गेले आणि छाती गेली, हेही लिहिलेच पाहिजे. जुन्या गोष्टींचे कौतुक करताना हा हिशेब आपण सोयीस्करपणे विसरतो.

धान्याची तऱ्हा आणखी वेगळी. ज्वारी पेवात ठेवत. पेव म्हणजे गावठाणातल्या कोरड्या, कठीण जमिनीत खोदलेला मोठा खड्डा. तोंड अरुंद, पोट मोठे. आत कडब्याचे, काडाचे अस्तर द्यायचे, धान्य भरायचे आणि तोंड मातीने लिंपून टाकायचे. आत कोंडलेले धान्य श्वास घेते, म्हणजे आतला प्राणवायू संपवते आणि कार्बन डायऑक्साइड सोडते. त्यात किडा जगत नाही. माणूसही जगत नाही! म्हणून पेव उघडले की ते बराच वेळ तसेच ठेवून आधी कंदील खाली सोडायचा. तो विझला तर कोणी उतरायचे नाही. कडेची ज्वारी ओलीने काळपट पडे आणि तिच्या भाकरीला एक उग्र वास येई. माझ्या आजीला तो वास आवडत असे, हे मात्र मला कधी कळले नाही.

आणि मग वर्षातून एकदा सगळ्या घराची ओल काढायचे मोठे काम, म्हणजे दसरा काढणे. मराठवाड्यातल्या वाचकांना हा शब्द समजावून सांगायला नको. घट बसायच्या आधी घरातली चिंधी न् चिंधी बाहेर निघे. वाकळी, गोधड्या, सतरंज्या बैलगाडीत घालून पैनगंगेवर न्यायच्या, धोपटून धुवायच्या, खडकांवर वाळत घालायच्या. भिंती पोतारायच्या, जमिनी सारवायच्या, डबे-डुबे उन्हात ठेवायचे. चार महिन्यांचा पावसाळा घरात जी ओल सोडून जाई तिला कडक ऊन दाखवायचे. हे काम पूर्णपणे बायकांचे, आणि त्याला पर्याय नव्हता. "यंदा वेळ नाही, पुढच्या वर्षी बघू" असे म्हणायची सोयच नव्हती, कारण तिथीच ठरलेली होती.

घरात ओल हा वासाचा विषय असला तरी बाजारात तो पैशाचा आहे. आमचे गाव म्हणजे निजामाच्या राज्याची कड. पलीकडे वऱ्हाड. नाका हे नाव त्या हद्दीवरच्या जकातीमुळे पडले असे जुनी माणसे सांगत. निजामाच्या जकात खात्याला करोडगिरी म्हणत. मालाच्या गाड्या या रस्त्याने चालायच्या, आणि कापसाच्या व्यापारात ओलीचा एक जुना रोग होता. ओला कापूस वजनाला जास्त भरतो! कापसातली भेसळ आणि लबाडी रोखायला मुंबई इलाख्यात १८६३ सालीच कायदा करावा लागला होता. आजही हमीभावाच्या खरेदीत कापसातली ओल आठ टक्क्यांवर गेली की भाव कापतात आणि बारावर गेली की गाडी परत. सोयाबीनची मर्यादा बारा टक्के. नोव्हेंबर २०२४ मध्ये केंद्र सरकारने त्या हंगामापुरती ती पंधरापर्यंत वाढवून दिली, कारण लांबलेल्या पावसाने शेतकऱ्याच्या खळ्यावर कोरडे सोयाबीन नव्हतेच. आमच्या वडलांच्या पिढीने दाणा दाताखाली धरून 'कट्' असा आवाज ऐकला की माल वाळला म्हणायचे. हळदीचे तर अजूनही तसेच आहे. शिजवून पंधरा दिवस उन्हात वाळवलेले हळकुंड मोडले की धातूसारखे खणकते. आता बाजारात मीटर असतो आणि त्याच्या आकड्यापुढे दाताचे काही चालत नाही.

हवेतल्या ओलीला आकडा कसा मिळाला ही गोष्ट मोठी मजेची आहे, आणि ठाण्याच्या पेटीची ती जन्मकथाच आहे. १९०२ साली न्यूयॉर्कच्या ब्रुकलिन भागातल्या सॅकेट-विल्हेल्म्स या छापखान्यात रंगीत छपाईचा बोजवारा उडत होता. एक रंग छापायचा, मग त्याच कागदावर दुसरा. मधल्या वेळात दमट हवेने कागद किंचित फुगायचा आणि दुसरा रंग जागेवर बसायचा नाही. विलिस कॅरिअर नावाच्या पंचविशीतल्या इंजिनियराकडे हे काम आले. त्याने गार पाण्याच्या नळ्यांवरून हवा सोडली. हवा गार झाली की तिला आपल्यातली सगळी वाफ पेलवत नाही, ती नळ्यांवर दवासारखी उतरते. १७ जुलै १९०२ ही त्याच्या आराखड्याची तारीख. छापखान्यातली आर्द्रता ५५ टक्क्यांवर स्थिर ठेवायची, एवढाच हेतू. माणसांना गार वाटावे हा उद्देश नव्हता, कागद कोरडा राहावा हा होता! (त्याच वर्षी नोव्हेंबरात निजामाने वऱ्हाड इंग्रजांना कायमच्या भाडेपट्ट्याने लिहून दिला. दोन्हींचा एकमेकांशी सुतराम संबंध नाही, पण सन जुळला की इतिहासाच्या बाईंना राहवत नाही.)

उलटा प्रकारही आपल्याकडे झाला होता. जमशेटजी टाटांची एम्प्रेस मिल १८७७ साली नागपुरात सुरू झाली. नागपूरची उन्हाळी हवा कोरडी ठक्क. अशा हवेत सूत तुटते, म्हणून तिथे हवा ओली करणारी यंत्रे बसवली गेली. 'एअर कंडिशनिंग' हा शब्द १९०६ साली स्टुअर्ट क्रेमर या अमेरिकन गृहस्थाने वापरला तोही कापडगिरण्यांसंबंधी, आणि तोही हवेत ओल घालण्यासाठी. म्हणजे ओल घालायची की काढायची हे सुरुवातीला सूत आणि कागद ठरवत होते. माणसाचा नंबर नंतर लागला.

आमच्या भागात माळवदे गेली ती हळूहळू जातच होती. पण ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे किल्लारीला भूकंप झाला, दगडमातीच्या भिंती आणि मातीची जड छपरे झोपलेल्या माणसांवर कोसळली आणि हजारो माणसे गेली. त्यानंतर डोक्यावर वीतभर माती घेऊन झोपायचे धाडस कोणाला होईना. आम्हीही १९९६ साली स्लॅबचे घर बांधले. बरेच केले. पण पहिल्याच पावसाळ्यात न्हाणीघराच्या भिंतीला लोणा लागला, कपाटातल्या पुस्तकांवर बुरा चढला. मातीची भिंत ओल घेते तशी सोडतेही. सिमेंट आणि त्यावरचा तेलरंग तिला आतच कोंडून ठेवतात. वर चूल जाऊन गॅस आला, खिडक्यांना काचा आल्या. घर पक्के झाले आणि त्याचा श्वास कोंडला. कनेरगावला निदान आश्विनाचे ऊन तरी आहे. ठाण्याच्या तळमजल्याला तेही नाही.

म्हणून पेटी. तिच्या पोटात कॅरिअरचीच युक्ती आहे. पंखा खोलीतली हवा जाळीतून आत ओढतो, ती गार नळ्यांवरून जाते, पाणी खाली बादलीत गळते, आणि कोरडी झालेली हवा गरम नळ्यांवरून बाहेर पडते. म्हणून पेटी चालू असली की खोली जरा उबदार होते. हा काही बिघाड नव्हे. जावयांना पहिल्या वर्षी वाटले होते की एसीसारखे गार होईल.

एक गणित मी नातवाकडून करून घेतले. दहा बाय बाराची, साडेनऊ फूट उंचीची खोली म्हणजे सुमारे ३२ घनमीटर. तीस अंशाला एक घनमीटर हवा जास्तीत जास्त तीस ग्रॅम वाफ धरते. ८५ टक्के आर्द्रता ५५ वर आणायची तर खोलीतल्या हवेतून काढायचे पाणी भरते अवघे तीनशे ग्रॅम, मोठा पेलाभर. मग बादलीत दिवसाला चार-पाच लीटर कुठून येतात? भिंतीतून, गादीतून, दांडीवरच्या कपड्यांतून, आपल्या श्वासातून आणि दाराच्या फटीतून येणाऱ्या पावसाळी हवेतून. दार-खिडक्या उघड्या टाकून पेटी चालवणे म्हणजे अख्ख्या ठाण्याची ओल उपसायला बसणे.

आता देखभालीचे. दुकानदाराने लेकीला सांगितले होते, "मॅडम, याला मेन्टेनन्स काही नाही." या वाक्यावर माझा विश्वास कधीच नव्हता. ज्या वस्तूतून हवा आणि पाणी जाते तिला देखभाल लागत नाही असे होईल कसे? पन्हाळीला लागत होती, माळवदाला लागत होती.

पहिली जाळी. पंधरा दिवसांनी धुवा म्हणतात, पण रहदारीच्या रस्त्याकडेच्या घरात मी दर रविवारी धुते. आधी बटण बंद करून प्लग काढायचा. कोमट पाणी, थोडा साबण, मऊ ब्रश, आणि सावलीत पूर्ण वाळल्याशिवाय परत बसवायची नाही. काही यंत्रांत जाळीची आठवण करून देणारा दिवा असतो. पण तो बहुधा जाळी बघून लागत नाही, तास मोजून लागतो. त्याला तुमच्या घरातली धूळ दिसत नाही. जाळी तुंबली की हवा कमी जाते, नळ्या गरजेपेक्षा गार होतात आणि त्यांच्यावर बर्फ धरतो. पंखा गरगरत राहतो, विजेचे बिल चढते आणि बादलीत पाणी येत नाही. घरच्यांना वाटते, वा, घर कोरडे झाले! बादली कोरडी म्हणजे घर कोरडे असे मुळीच नव्हे. त्यासाठी एक स्वतंत्र आर्द्रतामापक खोलीच्या दुसऱ्या टोकाला ठेवावा. आकडा साठच्या खाली राहिला तर बुरशीचे फारसे चालत नाही, पन्नासच्या आसपास उत्तम.

दुसरी बादली. ती नुसती ओतून परत ठेवली की आठ दिवसांत तळाला बुळबुळीत थर येतो. तो थर म्हणजे आपण ज्याला घालवायला निघालो त्याचेच बिऱ्हाड. दर आठवड्याला साबणाने घासायची, महिन्यातून एकदा पाण्यात व्हिनेगर घालून थोडा वेळ भिजवायची. बादली भरली की यंत्र थांबवणारा छोटा तरंगता भाग असतो तो हलका पुसायचा, ओढायचा नाही. आणि एक गोष्ट बजावून सांगते: व्हिनेगर आणि ब्लीच एकत्र कधीही करू नका, त्यातून क्लोरीन वायू निघतो. हे पाणी प्यायचे नाही. दिसायला स्फटिकासारखे असले तरी ते धुळीच्या नळ्यांवरून आलेले असते. पण फेकायचे तरी कसे? २०१६ साली लातूरला मिरजेहून रेल्वेने पाणी आणावे लागले. त्या मुलखातली बाई पाच लीटर पाणी मोरीत ओतणार नाही. मी त्याने फरशी पुसते, संडासाला वापरते, फुलझाडांना घालते.

नळ्यांवरचे पत्र्याचे पातळ पापुद्रे वर्षातून एक-दोनदा मऊ ब्रशने वरून खाली झाडायचे. ते धारदार असतात, बोटे जपा आणि तारेचा ब्रश लावू नका. वाकले की हवेची वाट बंद. बादलीऐवजी नळी लावली असेल तर तिला सबंध उतार हवा, मध्ये झोळ नको. झोळात पाणी साचते, तिथे शेवाळ येते आणि एक दिवस सगळे पाणी फरशीवर. इथे मला हटकून पन्हाळ आठवते. पेटी भिंतीपासून वीतभर तरी लांब ठेवायची, आडवी करायची नाही, हलवताना आडवी झालीच तर उभी करून काही तास थांबायचे. अमेरिकेतल्या नातलगांसाठी खास: २०१३ साली तिकडे ग्री कंपनीने बनवलेले, निरनिराळ्या नावांनी विकलेले बावीस लाखांवर डीह्युमिडिफायर आगीच्या धोक्यामुळे परत मागवले होते. तळघरात जुनी पेटी असेल तर मागचा मॉडेल क्रमांक एकदा ताडून पाहा.

आणि भिंतीत नळ गळत असेल तर आधी प्लंबर. माळवद गळत असताना कोणी चुलीत जास्त लाकडे घालत नसे.

मला खरी अडचण वेगळीच दिसते. जुन्या कामाला माणूस आणि दिवस दोन्ही ठरलेले होते. माती टाकायची ती गड्यांनी, मृगाच्या आत. वाकळी धुवायच्या त्या बायकांनी, घट बसायच्या आत. या पेटीला ना माणूस ना तिथी. लेकीला वाटते यंत्र घेतले म्हणजे काम संपले, जावयांना वाटते आकडा दिसतो म्हणजे सगळे ठीक, आणि दोघे रात्री आठला घरी येतात. मी गावी परतल्यावर पहिल्या वर्षी तीन आठवडे जाळी कोणी काढलीच नाही. नातवाचा खोकला वाढला. पेटीचा पंखा तुंबलेल्या जाळीतून आणि बुळबुळीत बादलीवरून फिरवलेली हवाच त्याच्या उशाशी सोडत होता, हे फोनवर मी दोन-तीनदा सांगितले तेव्हा कुठे जाळी निघाली. हे काम मुकाट्याने लेकीच्याच खात्यावर जाऊ नये असा माझा आग्रह होता, म्हणून आम्ही वाटणी केली. जाळी जावयांची, दर रविवारी, चहाच्या आधी. बादली नातवाची. तो आता अकरा वर्षांचा आहे आणि किती पाणी निघाले ते वहीत लिहितो. आषाढात एका दिवशी सहा लीटर हा त्याचा विक्रम आहे.

आणि वर्षाखेरीचा दसरा पेटीचाही काढायचा. पाऊस उघडला की बादली, जाळी धुवायची, नळ्या झाडायच्या, सोय असेल तर नुसता पंखा काही तास चालवून आतली ओल घालवायची. बादली किंचित बाहेर ओढून ठेवायची म्हणजे आत हवा खेळते. वर प्लॅस्टिक घालू नये, जुने सुती पातळ घालावे. खंडेनवमीला पाना, हातोडी, नातवाची सायकल यांच्या ओळीत तिलाही हळदकुंकू लागते. झेंडूचे फूल मात्र जाळीवर ठेवू नका, पाकळ्या आत ओढल्या जातात. वरच्या झाकणावर ठेवा.